वाचलेली आठ मिनिटं जातात कुठं?

परवा सोसायटीच्या पार्किंगमध्ये पुन्हा तोच वाद. समृद्धीवर मोटारींना 120 चालतं, मग आपल्या पुणे-मुंबई द्रुतगती मार्गावर 100 च का? वर ते कॅमेरे, ते ई-चलान. खरं सांगतो, दोन चलानं मीही भरलीत, त्यामुळं सुरुवातीला माझीही मान हलत होती.

घरी आलो तर लेक सातवीचं काळ-काम-वेग घेऊन बसलेली. म्हटलं, बाई, हे गणित सोडव.

तिनं आधी एका किलोमीटरचा हिशोब काढला. ताशी 100 ला 36 सेकंद लागतात, 120 ला 30. म्हणजे किलोमीटरमागे वाचतात 6 सेकंद. रस्ता साडेचौऱ्याण्णव किलोमीटरचा. घाटात वेग तसाही कमीच ठेवावा लागतो, म्हणून तो सोडून 80 धरले. 80 गुणिले 6, म्हणजे 480 सेकंद. आठ मिनिटं! तीसुद्धा पुढं एकही ट्रक उजव्या लेनमध्ये रांगत नसेल तर. (असा दिवस मी तरी अजून पाहिलेला नाही.)

आता दुसरी बाजू. 100 ला गाडी सेकंदाला जवळपास 28 मीटर जाते, 120 ला 33. पुढचा दिसून पाय ब्रेकवर जाईपर्यंत एक-दीड सेकंद असाच जातो. त्यानंतर गाडी थांबायला लागणारं अंतर वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतं. वेग 20 टक्के वाढवला तर हे अंतर 44 टक्के वाढतं. आठ मिनिटांसाठी हा सौदा मला तरी परवडत नाही.

पण माझा खरा राग वेगळाच आहे. गेल्या रविवारी किवळ्याला द्रुतगती मार्ग संपला आणि पुढच्या 8 किलोमीटरला मला 48 मिनिटं लागली. ताशी 10! आणि गंमत बघा, 100 च्या वेगानं 80 किलोमीटर जायलाही 48 मिनिटंच लागतात. म्हणजे जेवढा वेळ तिकडच्या 80 ला, तेवढाच पुनावळे-वाकडच्या 8 ला.

तिथं गाड्या नुसत्या ताशी 20 नं सरकल्या तरी किलोमीटरमागे 3 मिनिटं वाचतात. आठ किलोमीटरचे झाले 24. तिकडं जीव मुठीत धरून वाचवायच्या वेळेच्या तिप्पट, आणि तेही कुणाला धोका न होता.

मग मागायचं काय? सेवा रस्त्यांवरची पार्किंग उठवा, तुकड्यातुकड्यांत सोडलेले सेवा रस्ते जोडा, भुयारी मार्गांपाशी संध्याकाळी वाहतूक पोलीस उभे करा. यातलं एकही काम करायला नवा महामार्ग लागत नाही. पण वेगमर्यादा वाढवा म्हटलं की टाळ्या पडतात, सेवा रस्ता म्हटलं की लोक मोबाईल काढतात.

मतं मागायला येतील त्यांना मी एवढंच विचारणार आहे: किवळे ते बालेवाडी, संध्याकाळी सात वाजता, किलोमीटरला किती मिनिटं? तुम्हीही मोजा आणि खाली लिहा. वार आणि वेळ टाकायला विसरू नका.