निपाणीच्या वखारीतला आवाज

हिमायतनगरात बसून निपाणीची गोष्ट सांगायची म्हणजे तुम्हाला नवल वाटेल. पण दुवा या शहराचाच आहे. माहितीपटकार दीपा धनराज १९५३ साली हैदराबादेत जन्मल्या. १९८० मध्ये सहकाऱ्यांसह त्यांनी ‘युगांतर’ हा गट काढला. ‘मोलकरीण’ (१९८१) पुण्याच्या घरकामगार बायकांवर होता. पुढच्याच वर्षी त्यांचा कॅमेरा निपाणीच्या तंबाखू वखारींत पोचला. तिथली धूळ, तुटपुंजी मजुरी आणि संघटना उभी करतानाचा झगडा राबणाऱ्या बायकांच्याच तोंडून आला.

पुढे हैदराबादच्या १९८४ च्या दंगलीवर ‘क्या हुआ इस शहर को?’ (१९८६) आणि रोहित वेमुलाच्या मृत्यूनंतर उठलेल्या आंदोलनावर २०१८ चा माहितीपट त्यांनी केला. ज्याचे दुःख, त्यालाच बोलू द्यायचे, ही त्यांची रीत.

‘युगांतर’चे माहितीपट बर्लिनच्या आर्सेनल संस्थेने जतन केले. बर्लिनला जपावेसे वाटले ते आपल्या घरात कुणी विचारले का? सीमाभागात वखारीत राबलेली आजी म्हणा, अज्जी म्हणा, अजून कितीतरी घरांत आहे. मोबाइल हातात आहेच. येत्या रविवारी तिच्यापाशी बसा, तिच्या मराठी-कानडीत तिला बोलू द्या. फक्त एवढेच विचारा, “संपात तू होतीस का गं?”