‘निव्वळ लोण्याचे’ म्हणजे काय?

एखाद्या मिठाईच्या दुकानावर ‘येथील सर्व पदार्थ साजूक तुपातले आहेत’ अशी पाटी दिसली की चाणाक्ष गिऱ्हाइकाच्या मनात पहिला प्रश्न उभा राहतो तो शेजारच्या दुकानाविषयी. तेथे मग कशात तळतात? कायद्याच्या अभ्यासकाला ही विचारसरणी परिचयाची आहे. एका ठिकाणी ज्या गोष्टीचा मुद्दाम उच्चार होतो, तिच्या दुसऱ्या ठिकाणच्या अनुच्चारालाही अर्थ प्राप्त होतो. स्कॉटलंडातील शॉर्टब्रेड या प्रसिद्ध पदार्थाच्या डब्यांवर ‘ऑल बटर’, म्हणजे ‘निव्वळ लोण्याचे’, हे दोन शब्द मोठ्या अभिमानाने छापलेले असतात. हा अभिमान मला नेहमीच चमत्कारिक वाटत आला आहे. पावसाच्या पाण्याला ‘आमचे पाणी ओले आहे’ अशी जाहिरात करावी लागत नाही. लोणी हा ज्या पदार्थाचा प्राण, त्याच्या डब्यावर ‘यात लोणीच आहे’ असे बजावून सांगावे लागते, याचा अर्थ एकच होतो. हे शब्द ज्या डब्यांवर नाहीत, त्यांत लोण्याच्या जागी वा जोडीला दुसरे काहीतरी शिरलेले आहे. आणि नाव मात्र शॉर्टब्रेड हेच आहे.

आता कोणी म्हणेल, परदेशच्या एका बिस्किटाविषयी इतका खल आपण कशाला करावा? उत्तर असे की हे बिस्कीट आता परदेशात राहिलेले नाही. परगावी असलेली मुले येताना त्याचे डबे आणतात, आणि आपल्या घरांतील सुना-लेकी ते भट्टीत घालून पाहू लागल्या आहेत. हे मला मनापासून आवडते. आपल्या वाचकांपैकी पुष्कळांच्या घरी अंडे शिजत नाही. बेबिंक कितीही मोहक असले तरी अंड्याच्या बलकामुळे त्या घरांना ते वर्ज्य. शॉर्टब्रेडमध्ये अंडे नाही, खमीर नाही, सोडाही नाही. साखर, लोणी आणि गव्हाचे पीठ या तीनच वस्तू, आणि फार तर मिठाची चिमूट. पश्चिमेकडून आलेला इतका निरुपद्रवी पाहुणा विरळाच. परंतु आपल्याकडे हातोहात फिरणाऱ्या कृती पाहाव्यात, तर त्यांत ‘लोणी नसल्यास वनस्पती तूप’, ‘हलके होण्यासाठी बेकिंग पावडर’, ‘स्वादासाठी व्हॅनिला’, आणि कहर म्हणजे ‘आवडत असल्यास एक अंडे’! तिघांच्या घरात चार पाहुणे शिरले, त्यांनी घरमालकालाच बाहेर काढले, आणि दारावरची पाटी तशीच ठेवली.

या विरुद्ध माझी तक्रार काय आहे ते नीट मांडतो. त्यासाठी नावापासून आरंभ केला पाहिजे. ‘शॉर्ट’ या शब्दाचा येथे ‘आखूड’ हा अर्थ नाही. ठिसूळ, खुसखुशीत असा त्याचा जुना अर्थ आहे. आपल्या स्वयंपाकघरात यासाठी नेमका शब्द आहे : मोहन. शंकरपाळ्यांच्या पिठात मोहन का घालतात? गव्हाच्या पिठात पाणी पडून ते मळले गेले की ग्लुटेनचे चिवट जाळे तयार होते. पोळीला ते हवे असते, शंकरपाळीला नको असते. स्निग्ध पदार्थ पिठाच्या कणाकणाला वेढून बसतो आणि ते जाळे लांबू देत नाही. शॉर्टब्रेड हा या मोहनाचा पराकोटीचा प्रकार आहे. एक भाग साखर, दोन भाग लोणी, तीन भाग पीठ, असे त्याचे वजनी प्रमाण स्कॉटिश घरांत परंपरेने चालत आले आहे. म्हणजे या पदार्थाचा तिसरा हिस्सा लोणीच आहे. असा हिस्सेदार बदलून ‘भागीदारी तीच’ असे म्हणणे कोणत्या न्यायालयात टिकेल?

हा पदार्थ आरंभापासून असाच होता असे मात्र मी म्हणत नाही. मध्ययुगात उरलेल्या पावाच्या पिठाचे तुकडे मंद आचेवर पुन्हा वाळवून खात, त्या रस्कासारख्या ‘बिस्कीट-पावा’पासून शॉर्टब्रेड विकसित झाले असे सांगतात. पुढे खमिराची जागा लोण्याने घेतली आणि पाव नुसता नावात उरला. १७३६ साली ग्लासगो येथे छापलेल्या मिसेस मॅक्लिंटॉक यांच्या पाकपुस्तकात त्याची कृती आढळते. स्कॉट राणी मेरी हिला घागऱ्याच्या घेरासारखे कापलेले शॉर्टब्रेड अतिशय प्रिय होते, अशी कथा प्रत्येक डब्याबरोबर येते. राणी १५८७ साली वारली. कथा गोड आहे, पण वकिलाच्या दृष्टीने तो ऐकीव पुरावा आहे. तो मी बाजूला ठेवतो. त्याच्यावाचून माझ्या पक्षकाराचे काही अडत नाही.

अधिक महत्त्वाची गोष्ट ही की स्कॉटलंड हा गव्हाचा देशच नव्हे. तेथील सामान्य माणसाचे रोजचे अन्न ओट आणि बार्ली. डॉ. जॉन्सन यांनी १७५५ च्या आपल्या कोशात ओटची व्याख्या करताना इंग्लंडातील घोड्यांचा आणि स्कॉटलंडातील माणसांचा एकाच वाक्यात उल्लेख करून त्या देशाची कुचेष्टा केली, ती सर्वश्रुत आहे. अशा देशात पांढरे पीठ, साखर आणि भरपूर लोणी एकत्र येणे हा सणाचाच योग. म्हणून शॉर्टब्रेड हे नाताळाचे आणि त्याहून अधिक नववर्षाचे पक्वान्न ठरले. वर्षाच्या पहिल्या रात्री उंबरठा ओलांडून येणाऱ्या पाहुण्याच्या हाती ते दिले जाई. शेटलंड बेटांत तर नववधू नव्या घरात शिरताना तिच्या डोक्यावर शॉर्टब्रेडचा गोल फोडण्याची चाल होती. उंबरठ्यावरचे माप लवंडून घरात पाऊल टाकणाऱ्या सुना ज्या समाजाने पाहिल्या आहेत, त्याला या चालीचा अर्थ समजावून सांगण्याची गरज नाही. अशा वेळी गृहिणी वर्षातले उत्तम लोणी राखून ठेवी. त्या गोलाला किंमत होती ती त्या राखून ठेवण्यामुळे.

आता लोण्याच्या प्रतिस्पर्ध्याकडे वळू. १८६९ साली फ्रान्समध्ये मेज-मूरिए नावाच्या रसायनज्ञाने स्वस्त लोणी म्हणून एक पदार्थ शोधून काढला. तो गोवंशाच्या चरबीपासून केलेला होता, हे आपल्या वाचकांनी ध्यानात ठेवावे. पुढे वनस्पती तेले वापरात आली आणि आजचे मार्गारीन बहुतांशी त्यांचेच असते, हेही न्यायबुद्धीने सांगितले पाहिजे. पण माझा मुद्दा चरबीचा नाही, नावाचा आहे. इंग्लंडात हा माल ‘बटरीन’ अशा लोण्याशी नाते सांगणाऱ्या नावाने खपू लागला, तेव्हा तेथील पार्लमेंटने १८८७ साली खास कायदा केला. लोण्याची नक्कल म्हणून बनवलेला कोणताही पदार्थ, त्यात खरे लोणी मिसळलेले असो वा नसो, ‘मार्गारीन’ याच नावाने विकला पाहिजे, असे त्या कायद्याने ठरवले. ‘मिसळलेले असो वा नसो’ ही तरतूद वाचून कायदा करणाऱ्यांना हात जोडावेसे वाटतात. दुधात पाणी घालणाऱ्याचा बचाव नेहमी हाच असतो की त्यात दूधही आहे! आपल्या देशातही वनस्पती तुपात तिळाचे तेल मिसळण्याची सक्ती झाली, ती ते तूप साजूक तुपात मिसळले गेल्यास रासायनिक परीक्षेत पकडले जावे म्हणून.

पण कायद्याचा हात डब्यापर्यंत पोचला. पिठाच्या गोळ्यापर्यंत पोचला नाही. दुकानात मार्गारीन म्हणून विकला जाणारा माल पिठात मिसळून भट्टीतून निघाला की शॉर्टब्रेड होतो. मागच्या बाजूला बारीक अक्षरांत घटकांची यादी असते, हे मान्य आहे. समोर मोठ्या अक्षरांत एक सांगावे आणि पाठीमागे लहान अक्षरांत दुसरे, हा व्यवहार बेकायदेशीर नसेल. सरळ मात्र नाही. गंमत अशी की व्हिस्कीच्या बाबतीत याच देशाने किती दक्षता दाखवली! स्कॉच व्हिस्की कशाला म्हणावे याचा कायदा १९८८ साली झाला, २००९ साली नियम झाले. ती स्कॉटलंडात ओक लाकडाच्या पिंपात किमान तीन वर्षे मुरलीच पाहिजे. प्रौढांच्या पेल्याची व्याख्या कलमवार झाली, आणि मुलांच्या हातातल्या खाऊची सचोटी कारखानदाराच्या मर्जीवर राहिली. मर्जी चांगली असलेले कारखानदार आहेत, हे सांगितले पाहिजे. १८९८ साली जोसेफ वॉकर यांनी काढलेल्या पेढीचे शॉर्टब्रेड आजही पीठ, लोणी, साखर आणि मीठ एवढ्यावरच होते.

प्रतिपक्षाचा सर्वांत बळकट मुद्दा युद्धकाळाचा आहे. १९४० पासून १९५४ पर्यंत ब्रिटनमध्ये लोणी शिधापत्रिकेवर मिळे. आठवड्याला माणशी दोन औंसांपर्यंत वेळ आली होती. त्या काळी कित्येक गृहिणींनी मार्गारीनचे शॉर्टब्रेड केले. त्यांना मी दोष देणार नाही. आपण काय करीत आहोत आणि का, हे त्यांना आणि खाणाऱ्यांना दोघांनाही ठाऊक होते. आपद्धर्म हा आपत्काळी धर्मच असतो. टंचाई सरल्यावर तोच स्वस्ताईसाठी चालू ठेवणे, ही वेगळी गोष्ट झाली.

दुसरा आक्षेप परंपरेच्याच अंगाने येतो. जुन्या स्कॉटिश घरांत शॉर्टब्रेडमध्ये शहाजिरे घालीत, बदाम व मुरवलेली साल घालीत, मग व्हॅनिलानेच काय पाप केले? मुद्दा चांगला आहे, पण तो माझ्याच बाजूने पडतो. बदाम व साल घातलेल्या प्रकाराला ‘पिटकेथली बॅनक’ असे स्वतंत्र नाव आहे. वर कॅरमेल व चॉकलेटचे थर चढवलेल्याला ‘मिलिअनेर्स शॉर्टब्रेड’, म्हणजे लक्षाधीशाचे शॉर्टब्रेड म्हणतात; नावातच उधळपट्टीची कबुली असल्यामुळे त्याच्याविषयी माझे काही म्हणणे नाही. शिवाय हे सारे अलंकार लोण्याच्या अंगावर चढत. लोण्याला हाकलून कोणी बदाम घातले नाहीत. तुपाचेही तेच. ‘साजूक तूप चालेल का?’ असे पुष्कळ भगिनी विचारतात. उत्तम चालेल, पण मग ती नानकटाई झाली, आणि नानकटाईला दुसऱ्याचे नाव उसने घेण्याचे कारण नाही. तुपात पाण्याचा अंश नसतो, आणि दुधाचे जे घन कण मंद आचेवर भाजून शॉर्टब्रेडला त्याचा विशिष्ट वास देतात, ते तूप कढवताना बेरीत निघून गेलेले असतात.

वनस्पती तुपाची अडचण आणखी निराळी. लोणी आपल्या अंगच्या उष्णतेपेक्षा थोड्या कमी उष्णतेवरच वितळते, म्हणून तुकडा जिभेवर ठेवताच विरतो. वनस्पती तूप पुष्कळदा त्याहून चढ्या उष्णतेपर्यंत घट्ट राहते, आणि टाळूला मेणासारखा लेप बसतो. जीभ ही उलटतपासणीत न फुटणारी साक्षीदार आहे.

राहता राहिला खर्च. लोणी महाग आहे, यात शंका नाही. त्यावर उपाय लोणी बदलणे हा नसून गोल लहान करणे हा आहे. पन्नास ग्रॅम बारीक साखर, शंभर ग्रॅम लोणी, दीडशे ग्रॅम मैदा. घरचे लोणी असेल तर ताक पूर्ण धुऊन काढावे, पाणी दाबून काढावे आणि ते गार करून घ्यावे. वितळलेले लोणी घेऊ नये. मैद्यापैकी पाव हिस्सा तांदळाची पिठी घेतली तर दाणेदार कुरकुरीतपणा येतो, आणि ही युक्ती स्कॉटिश घरांतलीच आहे. लोणी व साखर एकजीव करून पीठ बोटांनी मिसळावे. मळू मात्र नये. बोटभर जाडीचा गोल थापून कडेला चिमटे काढावेत, काट्याने टोचे मारावेत, थोडा वेळ थंड जागी ठेवावा. मग १५० ते १६० अंश सेल्सिअसवर पाऊण तासाच्या आसपास, रंग फिका गवती राहील इतकाच भाजावा. तांबूस झाला की लोण्याचा वास गेला. बाहेर काढताच गरम असतानाच सुरीने फाके पाडून ठेवावेत, कारण गार झाल्यावर तो मनास येईल तसा फुटतो. एवढ्या लोण्यात आठ फाके होतात.