बांधावरच्या गोष्टी : पडायला मऊ जागा



मक्याची मळणी झाली की खळ्यावर भुशाचा ढीग पडतो. घरातली मोठी माणसे पोती मोजण्यात गुंतलेली असतात. पोरे कुठे असतात ते सांगायला नकोच. ती त्या ढिगावर असतात. लांबून पळत यायचे, उडी घ्यायची आणि पाठीवर धपकन पडायचे. मग आजीचा आवाज येतो, "अरे मेल्यांनो, उतरा खाली! अंगाला खाज सुटेल." पोरे उतरतात आणि आजीची पाठ वळली की पुन्हा चढतात.

आज याच भुशाची गोष्ट सांगायची आहे. ती आपल्याच नाशिक जिल्ह्यातली आहे. निफाड तालुक्यात देवगाव नावाचे गाव आहे. कांद्याचा आणि द्राक्षांचा हा मुलूख. या गावातल्या एका शेतकरी कुटुंबात १९९५ साली एक मुलगा जन्मला. सर्वेश अनिल कुशारे त्याचे नाव. १६ सप्टेंबर २०२५ रोजी हा मुलगा जपानमध्ये टोकियोच्या मैदानावर जागतिक अजिंक्यपद स्पर्धेच्या उंच उडीच्या अंतिम फेरीत उतरला. तोवर या स्पर्धेत उंच उडीची अंतिम फेरी एकाही भारतीयाने गाठली नव्हती. सर्वेश २.२८ मीटर उडाला आणि जगात सहावा आला.

२.२८ मीटर म्हणजे किती? फुटांत मोजले तर सुमारे साडेसात फूट. घराच्या दाराची चौकट डोळ्यांसमोर आणा. बहुतेक घरांत ती सात फुटांच्या आसपास असते. त्या चौकटीवर आणखी अर्धा फूट धरा. हाती काठी नाही, कुणाचा आधार नाही, एका पायावर जमीन सोडायची आणि तेवढ्या उंचीवरची आडवी काठी न पाडता पलीकडे जायचे.

पलीकडे जायचे हे खरे, पण पुढे काय? साडेसात फुटांवरून माणूस खाली येतो तो पाठीवर, खांदे आणि मान आधी टेकवत. खाली काय असेल त्यावर सगळे अवलंबून आहे. या खेळात उडीइतकेच महत्त्व पडण्याला आहे.

हे थोडे उलगडून सांगतो. पूर्वी उंच उडीच्या काठीपलीकडे वाळू असे, नाहीतर लाकडाचा भुसा. त्यावर पाठीवर पडण्याची सोय नव्हती. म्हणून उडी मारणारा कात्रीसारखे पाय टाकून किंवा पोट काठीकडे करून पलीकडे जाई आणि जमेल तसा हातापायांवर अंग सावरी. पुढे वाळूच्या जागी फोमच्या जाड गाद्या आल्या आणि खेळ बदलला. १९६८ साली मेक्सिकोच्या ऑलिंपिकमध्ये अमेरिकेचा डिक फॉसबरी नावाचा तरुण काठीकडे पाठ करून उडाला. आधी डोके, मग खांदे, मग कंबर आणि शेवटी पाय, अशा क्रमाने तो काठीवरून गेला. पाहणारे चकित झाले. पण २.२४ मीटर उडून सुवर्णपदक त्यानेच नेले. आज जगभरचे उडीपटू याच तऱ्हेने उडतात.

पाठीवरून उडण्यात फायदा काय, असे कुणी विचारील. दोरीवर वाळत घातलेले धोतर आठवा. त्याचा मधला भाग दोरीवर असतो, दोन्ही टोके खाली लोंबतात. या उडीत अंग तसेच धनुष्यासारखे वाकते. कंबर काठीवर असते तेव्हा डोके आणि खांदे पलीकडे उतरू लागलेले असतात, पाय अलीकडे खालीच असतात. सगळे अंग एकदम काठीवर न्यावे लागत नाही, म्हणून तेवढ्याच जोरात जास्त उंची मिळते. धावही सरळ नसते. शेवटची पावले बैल वळणावर वळतात तशी वळणाने टाकायची असतात. त्या वळणाने अंग काठीपासून दूर कलते आणि पाय रोवला की धावण्याचा वेग वर चढण्याच्या कामी येतो.

पण ही विद्या गादीवाचून शिकता येत नाही. आणि गादी ही महाग वस्तू आहे. मोठ्या स्पर्धेतली गादी सहा मीटर लांब, चार मीटर रुंद आणि ७० सेंटिमीटर जाड असते. आपल्या घरातली एखादी खोली भरून जाईल एवढी. गावच्या शाळेने ती आणायची कुठून?

देवगावात क्रीडाशिक्षक रावसाहेब जाधव यांच्यापुढे हीच अडचण होती. पोराच्या पायात उडी आहे हे त्यांना दिसत होते. गादी नव्हती. मग त्यांनी आजूबाजूला जे होते ते जमवले. मक्याच्या मुलखात मक्याच्या भुशाला तोटा नाही. तो आणि असाच हाताशी असलेला मऊ माल वापरून त्यांनी पडायची जागा तयार केली. आपण जे गुरांपुढे टाकतो किंवा उकिरड्यावर नेतो, त्यावर पाठ टेकवत हा मुलगा उंच उडी शिकला.

मंडळी, मला या गोष्टीत सर्वांत मोठे वाटते ते हेच. पदक पुढचे, टोकियो त्याहून पुढचे. पण एका मोठ्या माणसाने एका लहान मुलाला मनातून सांगितले, "तू उडी मार, पडशील तिथे मी मऊ करून ठेवतो." पोराने एवढे ऐकले की त्याची भीती जाते. आणि ज्याला पडण्याची भीती नाही, तोच पाठ करून उडू शकतो.

पुढची वाट सोपी नव्हती आणि जवळचीही नव्हती. सर्वेश सैन्यात भरती झाला. पुण्याच्या सैनिकी क्रीडा संस्थेत त्याला चांगले मैदान आणि खरी गादी मिळाली. २०१९ साली काठमांडूच्या दक्षिण आशियाई स्पर्धेत त्याने २.२१ मीटर उडून सुवर्ण जिंकले. २०२२ साली गुजरातमधल्या राष्ट्रीय स्पर्धेत तो २.२७ मीटर उडाला. २०२३ साली बँकॉकला आशियाई अजिंक्यपद स्पर्धेत २.२६ मीटर उडून त्याने रौप्यपदक मिळवले. आता वाटले, पोरगा थांबत नाही.

आणि २०२४ साली पॅरिसचे ऑलिंपिक आले. सगळ्या जिल्ह्याचे डोळे लागलेले. तिथे तो २.१५ मीटरवर थांबला. जी उंची त्याने कितीदा ओलांडली होती तीही त्या दिवशी जमली नाही. अंतिम फेरी हुकली. कांद्याचा माल चाळीत नीट ठेवलेला असावा आणि विकायच्या दिवशीच भाव कोसळावा, असे झाले. कष्ट कमी पडले नव्हते, पण दिवस आपला नव्हता. शेतकऱ्याच्या घरी वाढलेल्याला हे समजावून सांगावे लागत नाही. एक हंगाम गेला म्हणून कुणी नांगर मोडून चुलीत घालत नाही.

सर्वेशनेही घातला नाही. वर्षभराने टोकियोत तो उतरला, तेव्हा त्याने तिशी गाठली होती. पात्रता फेरीत २.२५ मीटर उडून तो अंतिम फेरीत गेला. तिथे २.२८ मीटरची काठी लागली. एवढा तो आयुष्यात कधी उडाला नव्हता. या खेळात लागोपाठ तीनदा चुकले की माणूस बाहेर. पहिल्यांदा काठी पडली. दुसऱ्यांदाही पडली. तिसऱ्यांदा तो वळणाने धावत आला, उडाला, आणि काठी जागेवर राहिली. २०१८ साली तेजस्विन शंकरने २.२९ मीटरचा राष्ट्रीय विक्रम केला होता, त्याच्याहून ही उडी अवघी एक सेंटिमीटर कमी होती. पुढे २.३१ मीटर त्याला जमले नाही. त्या दिवशी न्यूझीलंडचा हॅमिश कर २.३६ मीटर उडून पहिला आला.

उंच उडीची एक गंमत ध्यानात घ्या. धावण्याची शर्यत जिंकून संपते. उंच उडी बहुतेक वेळा काठी पाडूनच संपते. पहिला आलेलासुद्धा आणखी वर उडू पाहतो आणि शेवटी चुकतो. क्यूबाचा हाविएर सोटोमायोर १९९३ साली २.४५ मीटर, म्हणजे आठ फुटांच्याही वर उडाला, तो जागतिक विक्रम ठरला. पण त्यालाही कुठेतरी काठी अडलीच असेल. चुकणे हा या खेळाचा शेवट आहे, पण लाज नाही. आपण आपल्या पोरांना हे शिकवतो का? तालुक्याच्या स्पर्धेतून पोरगा हात हलवत आला, तर आपण म्हणतो, "झाली ना हौस? आता जा, पाणी धर." त्याला पडायला मऊ जागा आपल्या घरात असते का?

परवा पारावर ही गोष्ट निघाली, तेव्हा एक जाणते आजोबा म्हणाले, "सगळं खरं, पण उड्या मारून पोट भरतं का?" प्रश्न रास्त आहे आणि त्याचे उत्तर खरेच द्यायला हवे. सगळ्यांचे भरत नाही. शंभर पोरे उडतील तेव्हा एखादे पुढे जाईल. सर्वेशला सैन्याने आधार दिला. राज्याच्या सरकारी नोकऱ्यांत ठरावीक दर्जाच्या खेळाडूंसाठी पाच टक्के जागा राखीव असतात. पण त्या भरवशावर शाळा सोडू नये, शेत विकून खेळाच्या मागे लागू नये. मात्र जे पोर रोज तासभर घाम गाळते, वेळेवर झोपते आणि हरले तरी दुसऱ्या दिवशी मैदानावर जाते, ते पोर कुठेही गेले तरी वाया जात नाही. हा नफा प्रत्येक घराला मिळतो.

मुलींच्या बाबतीत तर अधिक जपून बोलावे. आपल्याच जिल्ह्यातल्या त्र्यंबकेश्वर तालुक्यातल्या सावरपाड्याची कविता राऊत २०१० साली दिल्लीच्या राष्ट्रकुल स्पर्धेत दहा हजार मीटर धावून कांस्यपदक घेऊन आली. त्याच वर्षी आशियाई स्पर्धेत त्याच शर्यतीत तिने रौप्यपदक मिळवले. धावायला निदान रस्ता असतो, उडीला तोही पुरत नाही, गादी लागते. मुलीला तर त्याहून आधी घरच्यांचा होकार लागतो. तो होकार म्हणजेच तिची गादी.

आता चार कामाच्या गोष्टी सांगतो, कारण ही गोष्ट वाचून उद्याच कुणी पोर कडब्याच्या गंजीवर उलटी उडी मारायला जाईल!

पहिली गोष्ट. पाठीवरची उडी कुणीही एकट्याने, घरच्या घरी शिकू नये. मान आणि पाठीचा कणा यांचा प्रश्न आहे. शिकवणारा शिक्षक समोर असेल आणि पडायची जागा जाड व मऊ असेल, तरच ती शिकावी. तोवर कात्रीची उडी बरी. त्यात माणूस पायांवर उतरतो आणि तिला खणून भुसभुशीत केलेली वाळू पुरते.

दुसरी. भुसा वापरायचा तर तो खडखडीत वाळलेला असावा. आत खुंट, दगड, काटे नसावेत. ढिगात विंचू, साप शिरतात, म्हणून रोज सराव सुरू करण्याआधी मोठ्या माणसाने तो लांब काठीने हलवून बघावा. भुसा दबतो, पावसात भिजतो आणि कुजतो. दबला की तो जमिनीसारखाच टणक होतो. तो वारंवार उकलावा, वाळवावा, बदलावा. आणि एवढे ध्यानात ठेवावे की भुसा ही अडचणीतली सोय आहे, खऱ्या गादीची बरोबरी त्याला नाही.

तिसरी. सरावाला आडवी काठी म्हणून जाड बांबू बांधू नये. पाठ त्यावर आपटली तर इजा होते. सैल रबरी पट्टी ताणून बांधली तरी चालते.

चौथी. शालेय क्रीडास्पर्धा १४, १७ आणि १९ वर्षांखालील गटांत होतात आणि तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशा पायऱ्यांनी वर जातात. शाळेत जाऊन क्रीडाशिक्षकांना एवढेच विचारावे, "गुरुजी, आमचं पोर कशात बरं आहे?" वर्षातून एकदा गुणपत्रिकेपलीकडचा हा प्रश्न विचारला तरी पुष्कळ झाले. आणि चार-पाच गावांनी मिळून एका शाळेत एक खरी गादी घेतली, तर ती वर्षानुवर्षे अनेक पोरांच्या पाठी सांभाळील. आपण जत्रेला, सप्त्याला वर्गणी काढतोच. एका वर्षी गादीसाठी काढून बघा.

यंदा मळणीच्या वेळी पोरे भुशावर चढली, तर आजीने ओरडावे, तिचा तो हक्कच आहे. पण ओरडण्याआधी क्षणभर बघावे, कोणते पोर सर्वांत उंच उडते आहे.

बरे आहे. पुढच्या आठवड्यात पुन्हा भेटू. राम राम.