सुताराचा हात आणि कारकुनाचा हात

आमच्या गांवच्या एका सुताराचा डावा हात भरधाव बसखालीं गेला. दवाखान्यांतच कोणीं गोड बोलून दहा हजार पुढें केले आणि ‘तक्रार नाहीं’ अशा कागदावर उजव्या हाताचा अंगठा घेतला. आमच्या लोकांचा अंगठा इतका स्वस्त कां?

बांधवांनो, भरपाई हा धर्मादाय नव्हे, हक्क आहे. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याप्रमाणें आपण राहतों तेथल्याच मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढें ती मागतां येते. बसमालकाच्या गांवीं खेटे नकोत.

‘पगाराचा दाखला कोठून आणूं?’ असें पुष्कळजण विचारतात. २०११ सालीं सर्वोच्च न्यायालयानें दाखला नसलेल्या एका मजुराची सांगितलेली कमाई खरी धरली. त्याआधीं २०१० सालीं राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यांत तें म्हणालें कीं, डावा हात तुटल्यास डॉक्टर साठ टक्के अपंगत्व लिहितील. पण सुताराची कमाई जवळजवळ सोळा आणे बुडते, सरकारी कारकुनाची नोकरी टिकूं शकते. भरपाई धंदा पाहून ठरवावयाची. कारकुनापेक्षां सुताराचा हात महाग ठरला, हें वाचून आम्हांस मोठी मौज वाटली!

मात्र फिर्याद लगेच नोंदवा, नक्कल फुकट मिळते ती घ्या, दवाखान्याची प्रत्येक चिठ्ठी जपा. एप्रिल २०२२ पासून कायद्यानें दाव्यास सहाच महिन्यांची मुदत घातली आहे. तिजविरुद्ध न्यायालयांत दाद मागितली गेली आहे खरी, पण त्या भरंवशावर बसूं नका. वकिलास पैसे नसतील तर तालुका विधि सेवा समितीकडे जा. आणि अंगठा देण्यापूर्वीं कागद शाळेंत आणा. वाचून दाखवावयास आम्ही आहोंच.