पुढची मॅच आमची

मागच्या सेमिस्टरमधली गोष्ट. सबमिशनच्या आधीचा आठवडा, म्हणजे जर्नल सोडून बाकी सगळं करायचा आठवडा! संध्याकाळी आम्ही हॉस्टेलमागच्या बास्केटबॉल कोर्टवर नेहमीसारखे खेळत होतो. फर्स्ट इयरच्या चार मुली येऊन कडेला उभ्या राहिल्या. अर्ध्या तासाने त्यातली एक म्हणाली, "दादा, पुढची मॅच आमची?"

आम्ही एकमेकांकडे बघून हसलो. मी म्हणालो, "अगं, तुम्ही तर चौघीच. आधी टीम तर होऊ दे!" त्या पाच मिनिटं थांबल्या आणि निघून गेल्या. पुन्हा कोर्टवर दिसल्या नाहीत. तेव्हा मला माझं उत्तर फार हजरजबाबी वाटलं होतं.

सुट्टीत घरी असताना अमेरिकेतल्या महिलांच्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगबद्दल, म्हणजे डब्ल्यूएनबीएबद्दल वाचत होतो. १९९७ साली तिचा पहिला सीझन झाला. त्याचं घोषवाक्य होतं, "वुई गॉट नेक्स्ट". तिकडे गल्लीतल्या कोर्टवर बाहेर थांबलेले खेळाडू असंच म्हणून आपला नंबर लावतात. म्हणजे सरळ मराठीत, "पुढची मॅच आमची"! वाचलं आणि ती फर्स्ट इयरची मुलगी डोळ्यांसमोर उभी राहिली. मग तो सगळा सीझनच वाचून काढला.

मुलींच्या खेळाचा विषय निघाला की आपला पहिला प्रश्न ठरलेला, "बघायला येणार कोण?" आता हे बघा. पहिल्या सीझनमध्ये फक्त आठ संघ, प्रत्येकाचे २८ सामने. २१ जून १९९७ रोजी लॉस एंजेलिस स्पार्क्स विरुद्ध न्यूयॉर्क लिबर्टी हा पहिला सामना झाला. त्याला १४,२८४ लोक आले. या लीगचा एकही सामना त्याआधी कोणी बघितलेला नव्हता, तरी आले! सीझनभराची सरासरी साडेनऊ हजारांच्या वर गेली. हे आपोआप नाही झालं. मोठी मैदानं आधी ठरली होती, टीव्हीचे करार आधी झाले होते, जाहिराती आधी लागल्या होत्या. मांडव आधी घातला, मग पंगत बसली.

दुसरा प्रश्न, "पण लेव्हल आहे का?" त्याच पहिल्या सामन्यात स्पार्क्सच्या लिसा लेस्लीने डंक मारायचा प्रयत्न केला. सहा फूट पाच इंच उंची, ऑलिंपिकचं सुवर्णपदक गळ्यात, आणि डंक हुकला! नावं ठेवणाऱ्यांना आयतंच कोलीत. पण लीगने काही कोर्टला कुलूप लावलं नाही. ३० जुलै २००२ रोजी त्याच लेस्लीने डंक मारला. डब्ल्यूएनबीएच्या इतिहासातला तो पहिला. हुकलेला आणि बसलेला, या दोन डंकमध्ये पाच वर्षं आहेत. ती पाच वर्षं तिला खेळायला मिळाली, हा मुद्दा आहे.

आणि ज्यांना ती वर्षं मिळालीच नाहीत त्यांचं काय? सिंथिया कूपरचं उदाहरण घ्या. १९८६ मध्ये तिचं कॉलेज संपलं तेव्हा अमेरिकेत महिलांची टिकाऊ अशी व्यावसायिक लीगच नव्हती. मग ती स्पेनला आणि इटलीला जाऊन खेळली. घरच्या प्रेक्षकांसमोर लीग खेळायची संधी आली तेव्हा बाई ३४ वर्षांच्या. आपल्याकडे या वयाला लोक गुडघ्यांची चौकशी सुरू करतात! तिने सामन्यामागे २२.२ गुण काढले, सर्वोत्तम खेळाडू ठरली आणि ३० ऑगस्टला ह्यूस्टन कॉमेट्सने लिबर्टीला ६५-५१ हरवून पहिलं विजेतेपद घेतलं. त्याच संघातली शेरिल स्वूप्स सीझन सुरू झाल्यावर चार दिवसांनी आई झाली आणि साधारण सहा आठवड्यांत मैदानात परतली. या बायकांमध्ये कस नव्हता असं कोण म्हणेल? कमी होतं ते फक्त कोर्ट.

आता हिशेबाची बाजूही सांगायला हवी, नाहीतर आमचे एम-टूचे सर म्हणतील, अर्धंच सॉल्व्ह केलंस. डब्ल्यूएनबीएच्या मागे पुरुषांच्या एनबीएचा पैसा होता. त्याच काळात एबीएल नावाची दुसरी महिला लीग होती. ती आधी, १९९६ मध्ये सुरू झाली होती, पगारही जास्त देत होती. पण डिसेंबर १९९८ मध्ये तिसऱ्या सीझनच्या मध्येच पैसे संपून बंद पडली. डब्ल्यूएनबीएच्या पहिल्या आठ संघांपैकी चार पुढे बंद झाले. पहिली चारही विजेतेपदं जिंकणारा कॉमेट्ससुद्धा २००८ मध्ये संपला. तेव्हा संधी दिली की सगळं छान होतं, असा माझा दावा नाही.

माझा दावा एवढाच की सुरुवातीला बाहेरून जोर लागतो, आणि त्यात लाजण्यासारखं काही नाही. इलेक्ट्रिकलवाल्यांना विचारा. सिंगल फेज इंडक्शन मोटर स्वतःहून सुरू होत नाही, तिला स्टार्टिंग टॉर्कच नसतो. म्हणून कपॅसिटर लावतात. एकदा फिरायला लागली की पुढे ती चालते. मोटर चालू झाली नाही म्हणून तिला भंगारात काढणाऱ्याला वायव्हात काय मार्क मिळतील?

अमेरिकेत हा कपॅसिटर लागला तो कॉलेजमध्येच. सरकारी मदत घेणाऱ्या शिक्षणसंस्थेत मुलगा-मुलगी असा भेद करायचा नाही, असा कायदा तिथे १९७२ मध्ये झाला. त्याला 'टायटल नाइन' म्हणतात. त्यामुळे हळूहळू कॉलेजांमध्ये मुलींचे संघ उभे राहिले, आणि पंचवीस वर्षांनी लीग उभी राहिली तेव्हा खेळाडू तयार होत्या.

आपल्याकडे काय चालतं? टीम नाही म्हणून कोर्ट नाही आणि कोर्ट नाही म्हणून टीम नाही. या लूपमधून बाहेर पडायला कोणीतरी ब्रेक टाकायला हवा. म्हणून जिमखान्याच्या सरांना आणि रेक्टर मॅडमना नम्र विनंती. आठवड्यातून दोन संध्याकाळी, साडेपाच ते सात, कोर्ट मुलींसाठी राखून ठेवा. किती जणी येतात ते मोजू नका. पहिल्या महिन्यात कोर्ट रिकामं दिसेल आणि आमच्यातलेच काही जण कुरकुर करतील, "वाया चाललंय बघा!" करू दे. तीन वर्षं द्या आणि मग निकाल लावा.

जाता जाता एक. १९९७ ची फायनल हरलेल्या न्यूयॉर्क लिबर्टीला पहिलं विजेतेपद मिळालं २०२४ मध्ये. सत्तावीस वर्षांनी! आपण तर फक्त तीनच मागतोय.

आणि त्या चौघींपैकी कोणी हे वाचत असेल तर, त्या दिवशी माझं उत्तर चुकलं. पुढची मॅच तुमची. चौघीच आलात तरी चालेल, दोन-दोन खेळा. शिट्टी वाजवायला मी येतो.