मोकळं मैदान, तरीही सीटबेल्ट!
बोलिव्हियातलं सालार दे उयुनी म्हणजे १०,००० चौरस किलोमीटरहून मोठं, नुसतं मिठाचं मैदान! उयुनी गावातून सकाळी जीप निघते. भंगारातली रेल्वे इंजिनं, कोल्चानीतली मीठवाल्यांची वस्ती, मग उंचच उंच निवडुंगांचं इन्काउआसी बेट. फोटो तर मस्तच येतात. पण बॉस, इथे आखलेला रस्ता नाही आणि उंची तब्बल ३,६५० मीटर! एवढ्या मोकळ्या जागेत २००८मध्ये दोन जीप समोरासमोर धडकून १३ जण गेले. त्यामुळे स्वस्त पॅकेजला भुलू नका. सीटबेल्ट तपासा, ड्रायव्हरची झोप झालीय का विचारा. पावसाळ्यात मिठावर पाणी साचून आरसा होतो, तेव्हा बेटावर जाता येईलच असं नाही. ड्रायव्हर ‘नाही’ म्हणाला, तर हुज्जत नको. फोटोपेक्षा परत येणं महत्त्वाचं, काय?