ओसरी, माजघर आणि कोठार

गेल्या दिवाळीत आमचे बडोद्यास मामांकडे जाणे झाले. फराळ आटोपल्यावर मामा सहज बोलून गेले, "कॉलेजात असताना स्टेशनजवळच्या पार्लरात मी एक पिवळा गोळा चालवीत असे. नाणे टाकले की तीन जीव मिळत. ते यंत्र आता कोठे गंजत पडले असेल, कोण जाणे!" मामा मुळातच अबोल, मामी गेल्यापासून तर दिवसाकाठी दहा वाक्येही त्यांच्या तोंडून निघत नाहीत. अकरावीत शिकणाऱ्या त्यांच्या कन्येने हे उद्गार ऐकले मात्र, आणि बाबांचा खेळ घरच्या संगणकावर आणावयाचाच, असे तिने मनाशी ठरविले. त्या खटाटोपात तीन संध्याकाळी गेल्या. त्यांत जे उमगले ते इतर कुटुंबांसही उपयोगी पडेल, या हेतूने आजचे टिपण लिहीत आहोत.

प्रथम हे सर्व प्रकरण काय आहे ते पाहू. १९७८ साली जपानमधील तैतो कंपनीसाठी तोमोहिरो निशिकादो यांनी 'स्पेस इन्व्हेडर्स' हा खेळ रचला. १९८० साली नामको कंपनीच्या तोरू इवातानी यांनी 'पॅक-मॅन' आणला. मामांचा पिवळा गोळा तो हाच. कपाटाएवढ्या त्या पेटीत एक पडदा, एक दांडा, काही बटणे आणि आत एक मंडल-पट्टी असे. खेळाच्या आज्ञा त्या पट्टीवरील चिपांमध्ये कायमच्या कोरलेल्या असत. या चिपा केवळ वाचता येतात, त्यांवर लिहिता येत नाही. म्हणून त्यांस 'रॉम' म्हणतात. पॅक-मॅनच्या सर्व आज्ञा प्रत्येकी चार किलोबाइटच्या चार चिपांत, म्हणजे अवघ्या सोळा किलोबाइटांत मावल्या होत्या. आज भ्रमणध्वनीवर काढलेले एक साधे छायाचित्र याच्या शेकडोपट जागा अडविते!

या चिपांतील मजकूर उतरवून घेतला, तरी आपला संगणक तो जसाच्या तसा चालवू शकत नाही, कारण त्याच्या प्रोसेसरची भाषा निराळी. पॅक-मॅनच्या पेटीत झेड-८० नावाचा प्रोसेसर होता, तर स्पेस इन्व्हेडर्सच्या पेटीत इंटेलचा ८०८०. तेव्हा मध्ये एक दुभाषी हवा. हा दुभाषी म्हणजे 'एम्युलेटर'. तो बहुरूप्यासारखा जुन्या यंत्राचे सोंग घेतो, आणि ते इतके हुबेहूब वठवितो की, आपण मूळ पेटीतच आहोत असे खेळास वाटावे. भाषांतराचा व्यवसाय करणाऱ्या आम्हांस या दुभाष्याविषयी विशेष आपुलकी वाटली, हे सांगणे नलगे.

उत्तम दुभाषी मूळ लेखकाच्या लकबीही सोडीत नाही. स्पेस इन्व्हेडर्समध्ये शत्रू जसजसे कमी होतात तसतसे उरलेले अधिक वेगाने चालू लागतात. हे आरंभी योजलेले नव्हते. चितारावयाच्या आकृती कमी झाल्या की प्रोसेसरवरील भार हलका होई आणि वेग आपोआप वाढे. निशिकादो यांनी तो गुण ओळखून तसाच राहू दिला. तसेच पॅक-मॅनच्या २५६ व्या पातळीवर पडद्याचा उजवा अर्धा भाग निरर्थक चिन्हांनी भरून जातो, कारण पातळी मोजणारा आठ बिटांचा आकडा २५५ च्या पुढे जाऊच शकत नाही. खरा एम्युलेटर हा दोषदेखील इमानाने दाखवितो.

अशा दुभाष्यांत सर्वांत नामांकित म्हणजे 'मेम'. इटलीच्या निकोला साल्मोरिया यांनी १९९७ च्या फेब्रुवारीत तो प्रथम प्रसिद्ध केला. २०१६ पासून तो मुक्त परवान्याखाली उपलब्ध आहे. खेळता येणे हा आपल्या कार्याचा आनुषंगिक लाभ असून जुनी यंत्रे आतून कशी चालत याची नोंद राखणे हे आपले मुख्य प्रयोजन होय, अशी त्याच्या कर्त्यांची भूमिका आहे. ही नोंद निकडीची आहे. चिपांतील विद्युत्-भार वर्षानुवर्षे झिरपून जातो. कॅपकॉम कंपनीच्या १९९३ नंतरच्या काही पट्ट्यांवर तर खेळाची गुप्त किल्ली एका लहान बॅटरीच्या आधारे टिकवून धरलेली असे. बॅटरी संपली की खेळही संपला. पोथीला कसर लागते तसाच हा प्रकार.

आता 'फ्रंटएंड' म्हणजे काय? जुन्या वाड्याची उपमा घेतली तर ते चटकन ध्यानी येईल. खेळांच्या फाइली ज्या फोल्डरात राहतात ते कोठार. एम्युलेटर हे माजघर. खरा स्वयंपाक तेथे होतो. आणि फ्रंटएंड ही ओसरी. पाहुणा येथे बसतो, चित्रांसह मांडलेली खेळांची यादी पाहतो आणि हवे ते मागतो. लाँचबॉक्स, प्लेनाइट, ॲट्रॅक्ट-मोड अशा अनेक ओसऱ्या उपलब्ध आहेत. ओसरी स्वतः काहीच शिजवीत नाही, हे लक्षात ठेवले म्हणजे निम्म्या अडचणी उद्भवतच नाहीत.

आमच्या मामेबहिणीची पहिली संध्याकाळ नेमकी याच अज्ञानात गेली. तिने ओसरी सजविली, कोठाराचा पत्ता ओसरीस सांगितला, यादीत खेळाचे नावही झळकले. परंतु त्यावर टिचकी मारताच पडदा क्षणभर काळा होई आणि पुन्हा यादी समोर येई. दोन तास हेच चालले. अखेर कारण सापडले ते असे: ओसरी माजघरास खेळाचे केवळ नाव कळविते, फाइलीचा पत्ता कळवीत नाही. कोठार कोठे आहे हे मेमला त्याच्या स्वतःच्या मांडणीत, 'रॉमपाथ' या सदरात, निराळे सांगावे लागते. ओसरीला कोठार ठाऊक होते, माजघरास नव्हते. मग ताट कसे यावे?

दुसऱ्या संध्याकाळची गोष्ट अधिक विचार करण्याजोगी आहे. तिच्या एका मैत्रिणीच्या भावाने एक डिस्क आणून दिली. तीत हजारो खेळ होते, म्हणे. त्यांतील पुष्कळ चालेनात. पॅक-मॅनही चालेना. याची तांत्रिक कारणे दोन. एक असे की, मेमची नवी आवृत्ती साधारणतः दरमहा निघते आणि चिपांची अधिक शुद्ध प्रत मिळाली की तो आपली अपेक्षित यादी सुधारतो. जुन्या आवृत्तीसाठी जमविलेला संच नव्या आवृत्तीस अपुरा वाटतो. दुसरे असे की, खेळांत जनक आणि वंशज असे नाते असते. मेमच्या दप्तरी जपानी 'पक-मॅन' हा जनक आणि अमेरिकेत मिडवे कंपनीने काढलेला 'पॅक-मॅन' हा वंशज. विभक्त पद्धतीच्या संचात वंशजाच्या फाइलीत केवळ वेगळेपण तेवढे ठेवितात. बाकीचे तो जनकाकडून घेतो. जनकाची फाइल नसेल तर वंशज उभाच राहत नाही.

परंतु मामांनी विचारलेला प्रश्न तांत्रिक नव्हता. डिस्क पाहून ते एवढेच म्हणाले, "हे कोणाचे, बेटा?"

मुलगी निरुत्तर झाली. खेळ चाळीस वर्षांचा जुना झाला म्हणून तो बेवारशी होत नाही. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात १९८४ च्या दुरुस्तीने संगणकाच्या आज्ञावलींस वाङ्मयकृतींच्या जोडीला संरक्षण मिळाले, आणि हे संरक्षण कित्येक दशके टिकते. ज्याच्याजवळ न्याय्य मार्गाने आलेली प्रत आहे त्याने नुकसानीपासून बचाव म्हणून राखीव प्रत करावी, इतपत मुभा कायद्याने दिली आहे. परक्याच्या डिस्कवरून हजारो खेळ उतरवून घ्यावेत, अशी दिलेली नाही. एम्युलेटर वापरणे हा गुन्हा नव्हे. प्रश्न असतो तो कोठारात काय भरले आहे याचा. डिस्क दुसऱ्याच दिवशी परत गेली. मुलगी थोडी हिरमुसली होती खरी, परंतु मामा त्या रात्री तिच्याशी बराच वेळ बोलत बसले होते, असे ती आम्हांस मागाहून म्हणाली.

तिसऱ्या संध्याकाळी तिने सरळ वाट धरली. काही जुन्या खेळांच्या स्वामींनी ते विनामूल्य आणि बिगर-व्यापारी वापरासाठी खुले केले आहेत, आणि मेमच्या अधिकृत स्थळीच ते ठेवलेले आहेत. त्यांत 'रॉबी रोटो' आहे. अटारी कंपनी सोडून बाहेर पडलेल्या मंडळींच्या व्हिडिया या संस्थेने १९८० च्या दशकाच्या आरंभी रचलेला 'ग्रिडली' आहे. आणि पूर्व जर्मनीत कार्ल-मार्क्स-श्टाट येथील सरकारी कारखान्यात बनलेली 'पॉली-प्ले' ही पेटीही आहे. तिच्यात एक ससा व लांडगा यांचा खेळ असून त्याची घडण पॅक-मॅनचीच आठवण करून देते. मामेबहिणीने ग्रिडली निवडला. ज्यांस हा प्रयोग करावयाचा असेल त्यांच्यासाठी तिचा क्रम येणेप्रमाणे:

एक. प्रथम केवळ एम्युलेटर बसवावा, 'रॉमपाथ'मध्ये कोठाराचा पत्ता लिहावा आणि ओसरीविना एक खेळ चालवून पाहावा. माजघरात शिजत नसेल तर ओसरी रंगविण्यात अर्थ नाही.

दोन. खेळाची झिप फाइल मुळीच उलगडू नये व तिचे नाव बदलू नये. मेम तिला तिच्या आखूड नावानेच ओळखतो. ही नावे बहुधा आठ अक्षरांच्या आत असतात, कारण एके काळी संगणकावर त्याहून लांब नाव चालत नसे. 'ग्रिडली'ला हौसेने 'बाबांचा खेळ' असे नाव दिलेत तर तो सापडणार नाही. सुबक नाव देण्याचे काम ओसरीकडे सोपवावे.

तीन. मेममध्ये संचाची तपासणी करण्याची सोय आहे. ती प्रत्येक चिपेच्या मजकुराचा ठसा पडताळते आणि संच पूर्ण आहे की काय उणे आहे ते सांगते. काही खेळांस आणखी एक सामाईक फाइल लागते, उदाहरणार्थ, एस.एन.के. कंपनीच्या १९९० च्या निओ-जिओ यंत्रावरील सर्व खेळांस 'निओजिओ' नावाची मूलभूत फाइल शेजारी हवी. १९९४ च्या 'किलर इन्स्टिंक्ट'सारख्या खेळांच्या पेटीत चिपांशिवाय हार्ड डिस्कही असे. तिची प्रत खेळाच्या आखूड नावाच्या उपफोल्डरात ठेवावी लागते.

चार. यानंतर ओसरीतील 'इम्पोर्ट' ही आज्ञा द्यावी. ती तीन गोष्टी विचारते: फाइली कोठे आहेत, त्या कोणत्या यंत्राच्या आहेत आणि कोणत्या एम्युलेटरने चालवावयाच्या. यंत्र म्हणून 'आर्केड' निवडावे. फाइली हलवाव्यात का, असे विचारल्यास 'आहेत तेथेच ठेवा' हे उत्तर द्यावे, नाहीतर माजघरास दिलेला पत्ता खोटा ठरतो.

पाच. चित्रे व माहिती ओसरी बहुधा स्वतःच मिळविते. एखाद्या खेळास चित्र लागले नाही तर नावातील फरक तपासावा. यादी मात्र आटोपशीर ठेवावी. शंभर न खेळलेल्या खेळांपेक्षा सात आवडते खेळ बरे.

राहता राहिला मामांचा पिवळा गोळा. पॅक-मॅनचे हक्क ज्या बंदाई नामको कंपनीकडे आहेत, तिने २०२२ साली मूळ खेळासह अनेक पॅक-मॅन खेळांचा एक संच संगणकासाठी विक्रीस काढला आहे. मामेबहिणीने दिवाळीच्या ओवाळणीतून तो रीतसर विकत घेतला. असा विकत घेतलेला खेळ एम्युलेटरविना चालतो. त्यास स्वतंत्र कार्यक्रम म्हणून यादीत नोंदविण्याची सोय वर उल्लेखिलेल्या ओसऱ्यांत आहे. त्यामुळे ग्रिडली, पॉली-प्ले आणि पॅक-मॅन एकाच पंगतीस बसले.

भाऊबिजेच्या रात्री मामांस संगणकापुढे बसविले. आरंभी ग्रिडली उघडला. पडद्यावर नाणे टाकण्याची सूचना आली, तेव्हा मामांचा हात नकळत सदऱ्याच्या खिशाकडे गेला. मुलगी हसून म्हणाली, "बाबा, पाचाचा आकडा दाबा. ते नाणे. मग एकाचा आकडा, म्हणजे खेळ सुरू." ग्रिडलीत ते फार रमले नाहीत. परंतु पॅक-मॅनच्या निळ्या भिंती दिसताच खुर्ची पुढे सरकली. पहिला जीव अर्ध्या मिनिटात गेला, दुसराही गेला. तिसऱ्या जिवावर त्यांना कोपऱ्यातले वळण आठवले. "येथे थांबावयाचे नाही," ते तिला सांगू लागले, "हा लाल पाठलाग करतो, आणि तो गुलाबी पुढे जाऊन वाट अडवितो." मग पार्लर, तेथला मालक, परीक्षेच्या आदल्या दिवशी उडविलेले पैसे, आणि मामींना ही गोष्ट लग्नानंतर किती वर्षांनी सांगितली, असे एकेक निघत गेले. मुलगी ऐकत होती. यांतले पुष्कळसे तिलाही नवे होते.

आम्ही परतलो त्या वेळी यादीत चारच खेळ होते. परवा पत्र आले की आता सहा झाले आहेत, आणि दोघांच्या गुणांचा तक्ता भिंतीवर लागला आहे. मामा मागे आहेत. परंतु तूर्त त्यांची त्याविषयी तक्रार नाही.